दिवे लागल्यावर सुरू होणारी समीक्षा

चित्रपट समीक्षेचा इतिहास बहुतेक वेळा मासिकांचा आणि ग्रंथांचा इतिहास म्हणून सांगितला जातो. कोणी कुठे कोणता लेख लिहिला, त्यावरून कोणता वाद पेटला, त्या वादातून पुढे कोणते दिग्दर्शक घडले, अशी ती हकिकत असते. या हकिकतीत फ्रेंच समीक्षक आंद्रे बाझां (१९१८–१९५८) यांना मानाचे पान मिळते. ‘काहिये द्यु सिनेमा’ या मासिकाचे एक संस्थापक, वास्तववादाचे सिद्धांतकार, फ्रांस्वा त्रुफोचे पालक, फ्रेंच नवलाटेचे वडीलधारे अशी त्यांची ओळख अभ्यासक्रमांतून करून दिली जाते. यातले काहीच खोटे नाही. तरीही या ओळखीत त्यांच्या कामाचा फार मोठा भाग झाकला जातो. बाझां यांची उमेदीची वर्षे गेली ती विद्यार्थ्यांच्या मंडळांत, कारखान्यांत आणि कामगारांच्या सभागृहांत चित्रपट दाखवण्यात, आणि चित्रपट संपून दिवे लागले की समोरच्या माणसांशी त्यावर बोलण्यात. त्यांचे लेखन हे या बोलण्याचेच पुढचे रूप होते, असे माझे म्हणणे आहे. इतकेच नव्हे, तर समीक्षकाच्या पेशाकडून आपण आज ज्या गोष्टींची अपेक्षा करतो, म्हणजे बारकाईने पाहणे, कोणाच्या दडपणाखाली न लिहिणे आणि सामान्य प्रेक्षकाला शहाणा माणूस समजणे, त्या गोष्टींना बळ मिळाले ते या चर्चांमधून. बाझां यांची कारकीर्द हा त्याचा सर्वात ठोस पुरावा आहे.

हे पटण्यासाठी आधी हा पेशा कुठल्या अवस्थेतून आला ते पाहायला हवे. पहिल्या महायुद्धापूर्वी पॅरिसच्या वर्तमानपत्रांत चित्रपटांवर जे छापून येई, त्यातले बरेचसे निर्मात्या कंपन्यांनी पुरवलेले कौतुक असे. जाहिरात आणि अभिप्राय यांच्यातली रेघ अजून कोणी ओढलेली नव्हती. रिचोत्तो कान्युदो यांनी सिनेमाला ‘सातवी कला’ म्हणून मान मिळवून देण्याचा आग्रह धरला. लुई देल्युक यांनी १९२० च्या सुमारास सिने-क्लबची कल्पना पुढे आणली. चित्रपट निवडून दाखवावेत आणि पाहणाऱ्यांनी त्यावर एकत्र बोलावे, अशी ती कल्पना होती. पण पेशाला कायद्याचा आधार मिळाला तो एका खटल्यामुळे. ‘ल्युमानिते’ या कम्युनिस्ट दैनिकाचे समीक्षक लेओं मुसिनाक यांनी एका अमेरिकन चित्रपटावर सडकून टीका केली, तेव्हा त्याचे वितरक जाँ सापेन यांनी त्यांना न्यायालयात खेचले. १९२८ मध्ये निकाल मुसिनाक यांच्या विरोधात गेला. अपिलात मात्र १९३० मध्ये ते जिंकले, आणि नाटकावर किंवा पुस्तकावर जसे प्रतिकूल मत देता येते तसे चित्रपटावरही देण्याचा समीक्षकाचा हक्क मान्य झाला. हेच मुसिनाक ‘स्पार्टाकसचे मित्र’ नावाचा सिने-क्लबही चालवत होते. १९२८ मध्ये या क्लबने बंदी असलेले सोव्हिएत चित्रपट हजारो लोकांना दाखवले आणि काही महिन्यांतच पोलिसांच्या दबावाखाली तो बंद पडला. स्वतंत्र समीक्षेचा हक्क मिळवणारा माणूस आणि प्रेक्षकांना एकत्र बोलावणारा माणूस एकच होता, हा योगायोग मानणे मला अवघड वाटते. पैसे मोजून छापून आणलेल्या कौतुकाला उत्तर द्यायचे, तर समीक्षकाच्या मागे कोणीतरी उभे असावे लागते, आणि कंपन्यांच्या विरोधात त्याच्या मागे फक्त प्रेक्षकच उभा राहू शकतो.

बाझां या परंपरेत आले ते शिक्षक होण्याच्या वाटेने. आँजे या गावी जन्मलेला आणि ला रोशेलच्या शाळेत वाढलेला हा मुलगा शिक्षकांच्या प्रशिक्षण शाळांतून वर सरकत सँ-क्लूच्या उच्च विद्यालयात पोहोचला. फ्रान्समधल्या साध्या घरातल्या हुशार मुलांचा हा नेहमीचा रस्ता होता, आणि त्याच्या टोकाला सरकारी शाळेतली मास्तरकी ठरलेली होती. पण तोंडी परीक्षेत त्यांचा तोतरेपणा आड आला आणि वर्ग त्यांना कायमचा बंद झाला. हे १९४१ साल होते. पॅरिस जर्मनांच्या ताब्यात होते, अमेरिकन आणि इंग्रजी चित्रपटांवर बंदी होती, आणि युद्धामुळे शिक्षण विस्कटलेल्या विद्यार्थ्यांसाठी ‘मेझों दे लेत्र’ नावाचे एक केंद्र चालत होते. तिथे बाझां यांनी सिने-क्लब सुरू केला. जुन्या मूकपटांच्या प्रती मिळवायच्या, बंदी असलेले काही हाती लागले तर तेही दाखवायचे, आणि मग बोलायचे. शिकवण्याची आच असलेल्या पण वर्ग नाकारल्या गेलेल्या माणसाने स्वतःसाठी घडवलेला तो वर्ग होता. फरक एवढाच की इथे हजेरी सक्तीची नव्हती, परीक्षा नव्हती आणि समोरचा माणूस कंटाळला तर उठून जाऊ शकत होता. उठून जाऊ शकणाऱ्या माणसाला बसवून ठेवायचे, तर बोलणे त्याच्या डोळ्यांनी पाहिलेल्या गोष्टीपासूनच सुरू करावे लागते. बाझां यांच्या पद्धतीचे मूळ या अटीत आहे.

युद्ध संपल्यावर ही पद्धत मोठ्या प्रमाणावर वापरायची संधी मिळाली. ‘त्राव्हाय ए क्युल्त्युर’, म्हणजे श्रम आणि संस्कृती, या डाव्या विचारांच्या संघटनेने चित्रपट विभाग बाझां यांच्याकडे सोपवला. अलँ रेने आणि क्रिस मार्कर ही पुढे नावारूपाला आलेली माणसे त्याच वर्तुळात वावरत होती. कामगारांसमोर बाझां वारंवार दाखवत असलेला एक चित्रपट म्हणजे मार्सेल कार्ने यांचा ‘ल जूर स लेव्ह’ (१९३९). जाँ गाबां यांनी रंगवलेला कारखान्यातला कामगार खून करून सर्वात वरच्या मजल्यावरच्या आपल्या खोलीत स्वतःला कोंडून घेतो, पोलीस इमारतीला वेढा घालतात, आणि रात्रभर त्याला मागचे सगळे आठवत राहते. पहाटे तो स्वतःवर गोळी झाडतो आणि कामावर जाण्यासाठी लावलेले गजराचे घड्याळ वाजू लागते. सरकारने मनोधैर्य खचवणारा म्हणून ज्यावर बंदी घातली होती, तोच हा चित्रपट. चर्चेत बाझां प्रेक्षकांना एक साधा प्रश्न विचारत: त्या खोलीत सामान काय काय होते? लोक पलंग सांगत, टेबल सांगत, आणि दाराला आडवे लावलेले जड लाकडी कपाट तर सगळ्यांनाच आठवे, कारण गाबां ते ढकलत नेतो. पण खोलीत दिसत असूनही ज्या वस्तूला नटाचा हात लागत नाही, ती कोणाच्याच लक्षात राहिलेली नसे. इथून पुढे समजावणे सोपे होते. रंगभूमीवरचा देखावा नटाच्या आधीपासून उभा असतो. पडद्यावरची खोली मात्र पात्राच्या हालचालीतून आपल्या मनात उभी राहते. कपाट हे एका माणसाने जगाला लावलेले दार आहे, आणि ते तसे वाटावे यासाठी नेपथ्यकार, कॅमेरामन आणि दिग्दर्शक यांनी केलेले काम आता प्रेक्षकाला स्वतःच्या आठवणीतूनच दिसू लागते. कुठलीही परिभाषा न शिकवता चित्रपटाची घडण सामान्य माणसाच्या हाती देण्याचे याहून नेमके उदाहरण मला ठाऊक नाही.

या पद्धतीचा ठसा त्यांच्या गाजलेल्या सैद्धांतिक लेखांवरही स्पष्ट दिसतो. १९४८ मध्ये त्यांनी विल्यम वायलर यांच्यावर दीर्घ लेख लिहिला. ‘द बेस्ट इयर्स ऑफ अवर लाइव्ह्ज’ या चित्रपटातल्या मद्यालयातल्या प्रसंगाचे त्यात विश्लेषण आहे. पडद्याच्या पुढच्या भागात दोन्ही हात गमावलेला होमर आपल्या लोखंडी आकड्यांनी पियानो वाजवून दाखवतो आहे आणि सगळे कौतुकाने पाहत आहेत. मागे, अगदी कोपऱ्यात, काचेच्या टेलिफोन खोलीत फ्रेड उभा आहे. पियानोजवळ उभ्या असलेल्या अ‍ॅलने त्याला आपल्या मुलीशी संबंध तोडायला सांगितले आहे आणि तो तोच फोन करतो आहे. त्याचे बोलणे आपल्याला ऐकू येत नाही. कथेच्या दृष्टीने महत्त्वाचे ते मागे, लहानसे. आणि डोळ्यांत भरणारे ते पुढे, मोठे. दुसऱ्या एखाद्या दिग्दर्शकाने चित्रचौकट तोडून फ्रेडचा चेहरा जवळून दाखवला असता. वायलर आणि त्यांचे कॅमेरामन ग्रेग टोलंड सगळे एकाच चौकटीत, सगळेच स्पष्ट ठेवतात, आणि अ‍ॅलप्रमाणे आपलीही नजर पियानोवरून त्या कोपऱ्याकडे पुन्हा पुन्हा वळते. बाझां यांना यात मोलाचे वाटले ते प्रेक्षकाचे स्वातंत्र्य. इथे काय पाहायचे ते बोट धरून दाखवले जात नाही. पाहणाऱ्याला शोधावे लागते, निवडावे लागते. खोल चौकटीचा हा सिद्धांत एरवी तंत्राचा म्हणून शिकवला जातो. कामगारांना खोलीतले सामान आठवायला लावणाऱ्या माणसाच्या अनुभवाशेजारी तो ठेवला की त्याचा खरा अर्थ कळतो. चांगल्या शिक्षकाने विद्यार्थ्याला जी मोकळीक द्यावी, ती चांगल्या दिग्दर्शकाने प्रेक्षकाला द्यावी, ही त्यामागची निष्ठा आहे.

याच निष्ठेपायी त्यांनी ज्याँ-पॉल सार्त्र यांच्याशी मतभेद मांडला. ऑर्सन वेल्स यांचा ‘सिटिझन केन’ युद्धानंतर फ्रान्समध्ये आला. त्याआधीच, १९४५ मध्ये, सार्त्र यांनी तो बुद्धिजीवींचा, सामान्य माणसापासून तुटलेला चित्रपट ठरवला होता. सार्त्र यांचा तेव्हाचा दबदबा लक्षात घेतला, तर तिशीही न गाठलेल्या समीक्षकाने गप्प बसणे सोयीचे ठरले असते. बाझां यांनी १९४७ मध्ये खुद्द सार्त्र यांच्याच ‘ले तां मोदेर्न’ या नियतकालिकात ‘सिटिझन केन’च्या तंत्राचे समर्थन केले. वाद दिसायला एका चित्रपटापुरता होता. त्याच्या मुळाशी प्रश्न होता तो सामान्य प्रेक्षकाला गुंतागुंत झेपते की नाही हा. सार्त्र यांच्याकडे त्याचे तत्त्वज्ञान होते. बाझां यांच्याकडे रात्रीमागून रात्री भरलेल्या सभागृहांचा अनुभव होता. ज्याने सभागृहात कामगारांना चित्रपटाची घडण उलगडताना पाहिले आहे, त्याला ‘लोकांना हे कळणार नाही’ हे वाक्य सहज लिहिता येत नाही.

‘बायसिकल थीव्ह्ज’वरचा त्यांचा लेख १९४९ मध्ये ‘एस्प्री’ या मासिकात आला. डी सिका यांचा हा चित्रपट गरिबीविरुद्धचे प्रचारपत्रक म्हणून वाचणे सोपे होते, आणि डाव्या वर्तुळात तो तसा वाचलाही जात होता. बाझां यांनी मान्य केले की त्यात एक भेदक विधान आहे: ज्या जगात हा कामगार राहतो, त्या जगात गरिबाला जगायचे तर दुसऱ्या गरिबाचीच चोरी करावी लागते. पण चित्रपट हे विधान कुठेही करत नाही, आणि त्याची ताकद त्यातच आहे, हे त्यांनी दाखवून दिले. वडिलांच्या मागे धावणारा ब्रुनो ऐन पाठलागात लघवीला थांबतो; पावसात आडोशाला उभे असताना भोवती परदेशी सेमिनरीतले पोरगे येऊन आपल्याच भाषेत बडबडतात. कथेला यांची गरज नाही, पण आयुष्य असेच घडत असते, आणि म्हणून सायकल हरवल्याचे दुःख आपल्याला खरे वाटते. मुलाच्या चालीविषयीचे त्यांचे निरीक्षण तर विसरता येत नाही. कधी पुढे, कधी मागे, कधी बरोबरीने चालणाऱ्या ब्रुनोच्या पावलांत बाप-लेकाच्या नात्याचा सगळा चढउतार त्यांनी वाचला. कोणत्याही प्रेक्षकाने ही चाल पाहिलेली असते. आपण काय पाहिले हे त्याला सांगणारा कोणीतरी लागतो, आणि तेवढेच काम समीक्षकाने नीट करावे, असे हा लेख वाचताना वाटते.

बाझां यांचे ग्रंथरूप लेखन फारसे नाही. ‘सिनेमा म्हणजे काय?’ या नावाने त्यांचे निवडक लेख १९५८ ते १९६२ या काळात चार भागांत निघाले. पहिला भाग त्यांच्या मृत्यूच्या सुमारास आला आणि बाकीचे नंतर. जगाने त्यांना ओळखले ते या पुस्तकांमुळे आणि त्यांच्या भाषांतरांमुळे. पण १९४३ ते १९५८ या पंधरा वर्षांत त्यांनी लिहिलेल्या लेखांची आणि टिपणांची संख्या अडीच हजारांहून अधिक आहे, आणि ते सगळे एकत्र प्रसिद्ध व्हायला २०१८ साल उजाडावे लागले. त्यातला मोठा हिस्सा ‘ल पारिझियां लिबेरे’ या सामान्य वाचकांच्या दैनिकातला आहे. सकाळी कामावर जाताना चाळायचे ते वर्तमानपत्र. त्यात ते छोटी परीक्षणे लिहीत, ‘लेक्रां फ्रांसे’सारख्या साप्ताहिकात थोडे मोठे लिहीत, ‘एस्प्री’त निबंध लिहीत, दूरचित्रवाणी आली तेव्हा तिच्यावरही नेमाने लिहीत. एकच विचार दैनिकात सोप्या रूपात येतो, साप्ताहिकात विस्तारतो आणि मासिकात सिद्धांताचे रूप घेतो, असे पुष्कळदा दिसते. वाचक बदलला की ते मांडणी बदलत, पण विचार पातळ करत नसत. सेन्सॉरशिप, रुंद पडदा, प्राण्यांवरचे माहितीपट, तद्दन बाजारू विनोदी चित्रपट, यातले काहीही त्यांना लिहिण्याच्या लायकीचे नाही असे वाटले नाही. प्रेक्षक जे पाहतो त्या सगळ्याचा विचार करणे ही त्यांनी आपली जबाबदारी मानली.

लोकांमध्ये काम करणारा समीक्षक लोकप्रिय मताच्या किंवा पक्षाच्या आहारी जातो, असा आक्षेप इथे घेतला जाईल. आक्षेप गंभीर आहे, कारण ज्या संघटनेत बाझां काम करत होते तिच्यावर कम्युनिस्ट पक्षाचा प्रभाव होता, आणि शीतयुद्ध सुरू होताच प्रत्येकाकडून बाजू घेण्याची अपेक्षा होऊ लागली होती. याला उत्तर त्यांच्याच कृतीत आहे. १९५० मध्ये त्यांनी ‘एस्प्री’त सोव्हिएत चित्रपटांतल्या स्टालिनच्या प्रतिमेवर लेख लिहिला. स्टालिन हयात असताना पडद्यावर त्याला इतिहासाचा सर्वज्ञ नायक म्हणून दाखवले जात होते. रणांगणावर सैनिक गोंधळलेले असतात आणि क्रेमलिनमधल्या शांत खोलीत तो एकटा नकाशासमोर उभा राहून युद्धाचा निकाल ठरवत असतो. जिवंत माणसाला असे पूर्ण झालेले, चुकीच्या पलीकडचे रूप देणे म्हणजे त्याचा जिताजागता पुतळा करणे होय, आणि ज्या विचारसरणीने इतिहास जनता घडवते असे सांगितले तिच्याच तत्त्वाला हे छेद देणारे आहे, असा त्यांचा मुद्दा होता. जॉर्ज सादूल यांच्यासारख्या पक्षनिष्ठ समीक्षकांनी त्यांच्यावर झोड उठवली आणि जुन्या सहकाऱ्यांशी त्यांचे संबंध तुटले. लेखाची तारीख इथे महत्त्वाची आहे. स्टालिनच्या मृत्यूला अजून तीन वर्षे होती आणि त्याच्या व्यक्तिपूजेवर टीका करणाऱ्या ख्रुश्चेव्हच्या भाषणाला सहा. पॅरिसच्या डाव्या वर्तुळातल्या कितीतरी मोठ्या विचारवंतांना जे नंतर सुचले, ते एका चित्रपट समीक्षकाने चौकटीची रचना पाहून ओळखले होते. सैनिक कुठे उभा आहे, नेता कुठे उभा आहे, कॅमेरा कोणाकडे मान वर करून पाहतो, हे विचारायची सवय असलेल्या माणसाला पुतळा ओळखायला पक्षाच्या परवानगीची गरज पडली नाही.

दुसरा आक्षेप ‘काहिये द्यु सिनेमा’वरून येतो. बाझां यांचा जगावर जो परिणाम झाला तो सिने-क्लबांमुळे झाला नाही. १९५१ च्या एप्रिलमध्ये जाक दोनिओल-व्हालक्रोझ आणि लो दुका यांच्यासह त्यांनी काढलेल्या पिवळ्या मुखपृष्ठाच्या या मासिकामुळे, आणि त्यात लिहून पुढे दिग्दर्शक झालेल्या त्रुफो, गोदार, रोमेर, रिव्हेत, शाब्रोल यांच्यामुळे झाला, असे म्हणता येईल. परिणामाबद्दल हे खरेच आहे. पण ही मुले बाझां यांच्यापर्यंत पोहोचली कशी? त्रुफोचे उदाहरण बोलके आहे. १९४८ मध्ये सोळाव्या वर्षी त्याने स्वतःचा सिने-क्लब काढला, तो कर्जात बुडाला आणि बापाने त्याला पोलिसांच्या हवाली केले. बालसुधारगृहातून त्याला सोडवण्यासाठी धडपड केली ती बाझां यांनी, आणि आपल्याच संघटनेत त्याला कामही दिले. पुढे सैन्यातून पळाल्यामुळे तो लष्करी तुरुंगात पडला तेव्हाही मदतीला तेच धावले, आणि बाझां व त्यांच्या पत्नी झानिन यांनी त्याला ब्री-स्युर-मार्नच्या आपल्या घरी ठेवून घेतले. क्लबांच्या जगातूनच मासिकाला लेखक मिळाले. आणि मासिकातही बाझां शिक्षकच राहिले. तरुणांनी दिग्दर्शकाला चित्रपटाचा एकमेव कर्ता मानणारे धोरण रेटले, तेव्हा त्यांनी ते छापू दिले, वाढू दिले, आणि १९५७ मध्ये त्याच पानांवर त्याच्या मर्यादाही दाखवून दिल्या. थोर दिग्दर्शकाचा प्रत्येक चित्रपट थोर मानला, तर चित्रपटाचा विषय, त्याचा काळ आणि तो घडवणारी व्यवस्था यांना काही किंमतच उरत नाही, हा त्यांचा मुद्दा आजही तितकाच खरा आहे. शिष्यांना दाबून न टाकता त्यांना खोडून काढणारा संपादक विरळा. रक्ताच्या कर्करोगाने ११ नोव्हेंबर १९५८ रोजी बाझां गेले तेव्हा ते अवघे चाळीस वर्षांचे होते, आणि त्रुफोच्या ‘फोर हंड्रेड ब्लोज’चे चित्रीकरण नुकतेच सुरू झाले होते. पुढच्या वर्षी कानच्या महोत्सवात त्याला उत्कृष्ट दिग्दर्शनाचा पुरस्कार मिळाला. चित्रपट बाझां यांच्या स्मृतीस अर्पण केलेला आहे.

सर्वात जास्त वजनाचा आक्षेप सिद्धांताच्या बाजूने आला, आणि तोही त्यांच्याच मासिकातून. १९६८ नंतर ‘काहिये’च्या नव्या संपादकांनी बाझां यांच्या वास्तववादावर भोळेपणाचा आरोप ठेवला. कॅमेरा जगाचा ठसा जसाच्या तसा उमटवतो ही समजूतच फसवी आहे. भिंग, चौकट, प्रकाश, संकलन या सगळ्यांत कोणाचा तरी हितसंबंध काम करत असतो, आणि खोल चौकटीतले स्वातंत्र्य हाही दिग्दर्शकाने आखून दिलेलाच भ्रम आहे, असे ते म्हणणे. यात तथ्य आहे. आज संगणकावर हवे ते दृश्य तयार होत असताना, छायाचित्र हा वास्तवाचा ठसा आहे या बाझां यांच्या १९४५ च्या निबंधातल्या भूमिकेला आणखी मर्यादा पडतात. तरी दोन गोष्टी ध्यानात घ्याव्या लागतील. त्याच निबंधाच्या शेवटी त्यांनी सिनेमा ही एक भाषाही आहे याची जाणीव दिली होती. घडणीकडे त्यांचे दुर्लक्ष नव्हते, उलट वायलरवरचा सगळा लेख घडणीचाच आहे. आणि त्यांचा वास्तववाद हा प्रतिमा खरी आहे अशी ग्वाही नव्हता. प्रतिमेने प्रेक्षकाशी कसे वागावे, याबद्दलचा तो आग्रह होता. स्टालिनवरच्या लेखात हाच आग्रह सत्तेच्या प्रतिमेची चिरफाड करतो. प्रतिमेमागचा हितसंबंध उघड करण्याचे जे काम पुढच्या पिढीने सिद्धांताच्या भाषेत मांडले, ते बाझां यांनी १९५० मध्ये प्रत्यक्ष करून दाखवले होते.

आणखी एक शंका राहते: चर्चेने चित्रपटाचा आनंद मरतो, कलेची शाळा होते. वाईट चर्चेने तसे होतेच. आशय काय, बोध काय, असे विचारणारी चर्चा चित्रपटाला धड्याच्या पातळीवर आणते. पण कपाटाचा प्रश्न वेगळ्या जातीचा आहे. तो प्रेक्षकाने आधीच घेतलेला आनंद त्याला परत देतो, कारणासकट. आपल्याला एखादे दृश्य का भिडले हे कळल्याने ते कमी भिडते, असा कुठल्याच कलेचा अनुभव नाही. बंदिशीची बांधणी उमगलेला श्रोता गाणे कमी ऐकत नाही.

चित्रपट एकत्र पाहून त्यावर बोलण्याचा हा विचार भारतात, आणि त्यातही पुण्यात रुजला, त्यामागे काही निश्चित पावले आहेत. सत्यजित राय, चिदानंद दासगुप्ता आणि त्यांच्या मित्रांनी १९४७ मध्ये कलकत्ता फिल्म सोसायटी स्थापन केली. रायनी १९५० मध्ये लंडनला ‘बायसिकल थीव्ह्ज’ पाहिला आणि ‘पथेर पांचाली’ कसा करायचा हे त्यांना उमगले. स. का. पाटील यांच्या अध्यक्षतेखालच्या चित्रपट चौकशी समितीने १९५१ च्या अहवालात चित्रपट शिक्षणाच्या संस्थेची शिफारस केली. त्यातून प्रभात स्टुडिओच्या आवारात १९६० मध्ये फिल्म इन्स्टिट्यूट उभी राहिली आणि १९६४ मध्ये राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आले. आग्र्याला अर्थशास्त्र शिकवता शिकवता फिल्म सोसायटी चालवणारे सतीश बहादूर इथे चित्रपट रसास्वादाचे प्राध्यापक झाले, आणि ‘पथेर पांचाली’ एकेक चित्रचौकट थांबवून उलगडत त्यांनी विद्यार्थ्यांच्या पिढ्या घडवल्या. मुंबईत १९६८ मध्ये प्रभात चित्र मंडळ सुरू झाले, आणि मराठीत चित्रपटाविषयी गंभीरपणे लिहिणाऱ्या कितीतरी जणांची तयारी अशा मंडळांच्या खेळांत आणि रसास्वाद शिबिरांत झाली. हे सगळे बाझां यांचे अनुकरण होते असे मी म्हणत नाही. आग्र्यात काय किंवा मुंबईत काय, गरज तीच होती म्हणून उत्तरही तसेच निघाले. चित्रपटाचा विचार करायचा तर चित्रपट एकत्र पाहून त्यावर बोलणारी माणसे लागतात, आणि त्या माणसांतूनच समीक्षक वर येतो.

या इतिहासातून आजच्या समीक्षकासाठी काय निघते, ते स्पष्ट सांगायला हवे. प्रदर्शनाच्या दिवशी तारे वाटण्याचे काम यंत्रही करू लागले आहे, आणि चित्रपट चालला की पडला हे ठरवण्याची शक्ती समीक्षकाकडे फारशी कधी नव्हतीच. मुसिनाक यांनी न्यायालयात जिंकलेला हक्क जाहिरातीच्या पानांनी पुन्हा हळूहळू विकत घेतला जातो आहे. अशा वेळी पेशा टिकायचा असेल तर तो निकाल देण्याच्या जोरावर टिकणार नाही. कुठल्याही गावातल्या सभागृहात, महाविद्यालयात किंवा वाचनालयाच्या खोलीत चित्रपट दाखवून समोरच्यांना ‘तुम्हाला काय दिसले?’ असे विचारण्याची आणि उत्तर ऐकून आपले मत बदलण्याची तयारी ज्याच्याकडे आहे, त्याच्याच लेखनाला वाचक आपले मानेल. बाझां यांनी हे पंधरा वर्षांत, आजारपण सोसत, साध्या दैनिकापासून सिद्धांताच्या ग्रंथापर्यंत करून दाखवले. मासिके निघतात आणि बंद पडतात, सिद्धांत येतात आणि मागे पडतात. पण नीट पाहायला शिकलेला प्रेक्षक पुढचा चित्रपट, पुढची जाहिरात आणि पुढच्या नेत्याचा पुतळाही त्याच डोळ्यांनी पाहतो. समीक्षेने समाजासाठी काय केले असे कोणी विचारले, तर दाखवण्यासारखे तिच्याकडे हेच आहे, आणि ते थोडे नाही.